आप्पांचा माळ आणि दहा हजार कांड्या

माण तालुक्यातल्या एका ताईंचं पत्र आलंय. त्या आणि त्यांचे यजमान सतरा वर्षं पुण्यात नोकरी करून आता गावी परतायच्या तयारीत आहेत. सासऱ्यांची, म्हणजे आप्पांची, चार एकर जमीन आहे. त्यातला तीन एकर मुरमाड माळ आणि एक एकर विहिरीखालचं रान. विहिरीला मार्चअखेरपर्यंत पाणी टिकतं. दावणीला सध्या एक खिलार गाय, तिची कालवड आणि सहा शेळ्या आहेत. ताईंना दोन एचएफ, म्हणजे जास्त दुधाच्या विलायती होल्स्टीन जातीच्या, गायी घेऊन दुधाचा धंदा सुरू करायचाय, माळावर हिरवंगार कुरण करायचंय आणि उन्हाळ्यासाठी वाळलेलं गवत साठवायचंय. यजमान कामानिमित्त दोन वर्षं इंग्लंडात लीड्सला होते. त्यांना नव्या घरासमोर पाच गुंठे लॉन हवंय, आणि त्यासाठी केंटकी ब्ल्यू ग्रासचं बी त्यांनी ऑनलाइन मागवूनही ठेवलंय. सुपर नेपियर या उंच वाढणाऱ्या चारागवताच्या कांड्या, म्हणजे लावायचे काडीचे तुकडे, विकणाऱ्या एकाने सांगितलंय, ‘दहा हजार कांड्या घ्या, रानात लावा, उरतील त्या माळावर टाका, वर्षभर वैरणीची चिंता नको, अठरा टक्के प्रथिनं आहेत.’ आगाऊ पैसे त्याला याच आठवड्यात हवेत. आप्पा मात्र एवढंच म्हणतात, ‘गवत काय लावायचं असतं व्हय? माळाला नांगर लावायचा न्हाई.’ यावरून घरात अबोला आहे.

ताई विचारतात: चराईला, वाळवून ठेवायला आणि लॉनला, तिन्हींना चालेल असं एकच चांगलं गवत कोणतं? आणि आप्पांची समजूत कशी घालू?

ताई,

दुसरा प्रश्न आधी घेते, कारण पहिल्याचं निम्मं उत्तर त्यातच आहे. आप्पांची समजूत घालू नका. चार चांगले पाऊस झाले की एका सकाळी त्यांच्याबरोबर माळावर जा आणि प्रत्येक गवताचं नाव विचारा. नुसतं नाव नाही, तर ‘हे गाय कधी खाते आणि कधी सोडते’ हेसुद्धा. ज्या माणसाने पन्नास वर्षं त्या माळावर जनावरं चारली, त्याला ‘गवत लावायचं असतं का’ हा प्रश्न पडतो यामागे काहीतरी आहे. खिलार ही तुमच्या माणदेशाचीच जात. ती घडली ती याच माळावरच्या गवतांवर, नेपियर इकडे यायच्या कितीतरी आधी.

आप्पा तुम्हाला बहुधा एक ठोंब उपटून दाखवतील, त्याच्या काडीच्या प्रत्येक पेरावर पांढऱ्या बारीक केसांचं कडं असेल. ते मारवेल. बोटं फाकवावीत तसे जांभळट तुरे त्याला येतात. जनावर आधी तेच शोधतं, म्हणून चरून चरून संपतं तेही तेच. खडकाळ भागात, जिथे चराई कमी झाली असेल तिथे, पवन्या सापडेल. आणि सगळ्यांत जास्त दिसेल ती कुसळी. तीच इतकी का उरली, हे आप्पांना विचारा.

आता ‘एकच गवत’. ही मागणी मी नेहमी ऐकते आणि ती का होते तेही कळतं. एकदाच पैसे घालावेत, एकदाच मेहनत घ्यावी, मग निवांत व्हावं. पण तुम्ही तीन वेगवेगळी कामं एकाच गड्याला सांगताय. चराईच्या गवताला गाय जिभेचा वेढा घालून ओढते, वर पाय देते, तासाभराने परत येते. ते सोसायचं तर वाढीचा कोंब जमिनीलगत हवा आणि मुळं घट्ट हवीत. वाळवायच्या गवताची काडी बारीक हवी, म्हणजे दोन-तीन उन्हांत ती आतून सुकते. आणि अंगणातल्या गवताला कुणी खातच नाही. ते बुटकं राहावं, पायाखाली मरू नये, एवढंच त्याचं काम.

सुपर नेपियर यातलं एकही काम नीट करत नाही. गैरसमज नको, ते वाईट गवत नाही. त्याचं काम चौथं आहे. भरपूर पाणी आणि भरपूर खत देऊन, विळ्याने कापून, कुट्टी करून गव्हाणीत टाकायचं ते गवत. बाजरी आणि हत्तीगवत यांच्या संकरातून तयार झालेल्या नेपियरच्या जाती थोड्या जागेत डोंगराएवढी हिरवी वैरण देतात हे खरं आहे. पण जनावरं त्यात सोडली की तुडवून ठोंब मारतात. वाळवायला जावं तर अंगठ्याएवढ्या जाड काड्या बाहेरून पिवळ्या पडतात आणि आत ओल्याच राहून बुरशी धरतात. आणि मुरमाड माळावर, पावसाच्या भरवशावर? तो प्रयोग मी करून बसले आहे. पुरंदरातल्या आमच्या उतारावर एका वर्षी मोठ्या हौसेने नेपियर लावलं. श्रावणात ते डोक्याएवढं झालं, माझी मान ताठ झाली. शिमग्याला सगळे ठोंब हाताने उपटून निघत होते. शिवाय तो उतार नांगरल्यामुळे पहिल्याच वळवात निम्मी माती ओढ्याला गेली होती, ती काही परत आली नाही. आप्पांचं ‘नांगर लावायचा न्हाई’ मला म्हणूनच पटतं.

अठरा टक्के प्रथिनांचंही सांगते, कारण तो आकडा ऐकून पुष्कळ लोक खिशात हात घालतात. कुठलंही गवत अगदी कोवळं, गुडघ्याएवढं असताना तपासलं तर प्रथिनाचा आकडा चढाच येतो. पण त्या वयात कोणी ते कापत नाही, कारण वजन भरत नाही. नेहमीच्या कापणीला संकरित नेपियरमध्ये साधारण आठ ते दहा टक्के धरावेत. तेही पाणी वजा करून उरणाऱ्या सुक्या भागात. हिरव्या शंभर किलोत ऐंशी किलोच्या आसपास पाणीच असतं. म्हणजे पाटीभर वैरण डोक्यावरून वाहताना आपण मुख्यतः पाणी वाहतो. दुसरं म्हणजे नेपियरमध्ये, त्यातही कोवळ्यात, ऑक्झलेट जास्त असतं. ते जनावराच्या पोटात कॅल्शियम बांधून ठेवतं. दुभत्या गाईला रोज नुसतं नेपियर घातलं तर दुधातून जाणारा चुना भरून निघत नाही. म्हणून त्याच्याबरोबर द्विदल चारा आणि रोजचं खनिज मिश्रण लागतंच.

मग विहिरीखालच्या एकरात काय करावं? नेपियर जरूर लावा, पण पंधरा गुंठेच. तीन फूट बाय दोन फुटांवर लावलं तर एका ठोंबाला सहा चौरस फूट लागतात. या हिशेबाने पंधरा गुंठ्यांना २,७०० कांड्या पुरतात. अख्ख्या एकराला लावलं तरी ७,३०० च्या आत भागतं, मग दहा हजारांतल्या उरलेल्या माळावर टाकायच्या म्हणजे पैसेच टाकायचे. आणि खरं सांगू? २,७०० सुद्धा विकत घ्यायची गरज नाही. तीनशे कांड्या आणा आणि पावणेदोन गुंठ्यांत नीट शेणखत घालून लावा. वर्षाच्या आत एकेका ठोंबाला वीस-पंचवीस फुटवे येतात. पुढच्या पावसाळ्यात तेच फोडून बाकीची जागा भरा. संकरित नेपियरला उगवणारं बी येत नाही. ठोंब आणि कांडी हेच त्याचं बेणं, आणि ते एकदा घरात आलं की कोणाच्या दारात जावं लागत नाही. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाचे फुले जयवंत, फुले गुणवंत हे वाण आहेत, उरुळीकांचनच्या बाएफ संस्थेचा बीएनएच-१० आहे. नाव माहीत असलेलं, पारख झालेलं बेणं घ्यावं. ‘सुपर’ म्हणून विकलं जाणारं प्रत्येक गवत एकच असतं असं नाही.

पहिली कापणी दोन-अडीच महिन्यांनी, मग दर दीड महिन्याने. कापताना खाली जेमतेम वीतभर सोडावं. चांगल्या दिवसांत पंधरा गुंठे रोज चाळीसेक किलो हिरवं देतील. ‘चांगले दिवस’ हा शब्द मुद्दाम वापरलाय. थंडीत नेपियर आखडून बसतं, पौष महिन्यात ते तुमच्याशी बोलतही नाही. आणि मार्चनंतर तुमच्याकडे त्याला फक्त जगवण्यापुरतं पाणी असेल. म्हणून पाच गुंठे लसूणघास करा, द्विदल चारा तो हाच. कार्तिकात पेरला की ऐन थंडीत कापायला येतो आणि प्रथिनांचा खरा आकडा तिथे आहे. फक्त दव असताना कापून तसाच भरपेट घालू नका, पोट फुगतं. दुपारी कापा, सुकवा, सुक्या वैरणीत मिसळून घाला. उरलेल्या वीस गुंठ्यांत पावसाळ्यात आफ्रिकन टॉल मका करून कणसं चिकात आली की मुरघास (हवाबंद दाबून आंबवलेली हिरवी वैरण) भरा, आणि त्याच जागेत रब्बीला ज्वारी. कडबा तर हवाच. ज्वारी हिरवी कापून घालायचा मोह झाला तर पोंग्यात असलेली, त्यातही पाण्यावाचून सुकलेली, घालू नका. किराळ, म्हणजे कोवळ्या ज्वारीतलं विष, लागलं तर डॉक्टर येईपर्यंत जनावर राहत नाही. आप्पांना हे सांगायची गरज नाही, पुण्याहून आलेल्या तुम्हा दोघांना आहे.

आता माळाकडे येऊ. तुमच्या मनात जे हिरवं कुरण आहे, त्यात गायी पोटरीएवढ्या गवतात उभ्या आहेत आणि मागे डोंगर आहे. हे चित्र कुठून आलं ते तुम्हीच शोधा. लीड्सच्या फोटोंतून आलं असेल तर ते तिथलंच आहे. तिकडे वर्षभर थोडा थोडा पाऊस पडतो आणि ऊन कधी चढत नाही. तुमच्याकडे वर्षाचा पाऊस पाचशे मिलिमीटरच्या आतबाहेर, त्यातला भरवशाचा भाद्रपदात. तुमचा माळ वर्षातले चार महिने हिरवा आणि आठ महिने सोनेरी असणार. तो सोनेरी असतो तेव्हा मेलेला नसतो, मुळांत जीव धरून बसलेला असतो.

हिशेब करू. सध्याच्या अवस्थेत तीन एकरांतून वर्षाला दीड-दोन टन वाळलेलं गवत मिळालं तरी पुष्कळ. मोठी गाय दिवसाला दहा किलोच्या आसपास सुका चारा खाते, म्हणजे वर्षाला साडेतीन टन. थोडक्यात, तुमचा माळ आज अर्धी गाय पोसतो. चार मोठी जनावरं आणि सहा शेळ्या त्यावर मोकळ्या सोडल्या तर दोन वर्षांत कुसळीसुद्धा उरणार नाही, तरोटा आणि गाजरगवत येईल. शिवाय एचएफ गाय माणातल्या उन्हात माळ तुडवत फिरणार नाही. ती गोठ्यातलीच गाय. माळ आहे तो खिलारीचा, कालवडीचा आणि शेळ्यांचा.

पण हा माळ सुधारतो. मी सुधारताना पाहिला आहे, आणि त्यात पेरणीपेक्षा न चारण्याचा वाटा मोठा असतो. तीन एकरांचे चार तुकडे करा. काटेरी कुंपणाची ऐपत नसेल तर बोरीच्या फांद्या चालतील. दरवर्षी एक तुकडा पावसाळाभर पूर्ण बंद ठेवा, गवताचं बी पडेपर्यंत. बाकीचे तीन आळीपाळीने. गवत घोट्याच्या वर येईतो जनावर आत नाही, आणि चार बोटं उरली की बाहेर. जुनी माणसं याला कुरण राखणं म्हणतात, आप्पांना नवीन वाटणार नाही. चैत्रात नव्या फुटीसाठी माळ पेटवायची चाल तुमच्याकडे असेल तर ती मात्र मोडा.

जिथे जागा अगदी उघडी पडली आहे तेवढीच भरा. नांगरट नको. कुदळीने उताराला आडव्या ओळी खरवडा, तीन-चार बोटं रुंद. त्यात अंजन पेरा. मुरमाला आणि कमी पावसाला अंजनासारखं गवत नाही. त्याचं बी लोकरी असतं, वाऱ्याने उडून शेजाऱ्याकडे जातं, म्हणून ओली माती आणि शेणात कालवून हरभऱ्याएवढ्या गोळ्या करा. ताजं बी घेऊ नका, ते झोपलेलं असतं. गेल्या वर्षीचं मागा. आणि खोल पुरू नका, नखभर मातीखाली गेलं तर वर येणार नाही. एकरी दोन किलो पुरतं. त्यात स्टायलो मिसळा, ते द्विदल आहे, मातीलाही देतं आणि गाईलाही. त्याचं टरफल टणक असतं. उकळी फुटायच्या आतल्या कडक पाण्यात चार-पाच मिनिटं बुडवायचं, मग रात्रभर साध्या पाण्यात. मारवेलला बियांच्या मागे लागू नका, पावसात ठोंब लावा. बांधावर, ताली धरून, पाणी मुरतं तिथे. राहुरीचं फुले मारवेल ०६-४० मिळालं तर उत्तम, नाहीतर आप्पांनी दाखवलेलं तुमच्याच माळावरचं चांगलं ठोंब फोडा. पेरलेल्या जागी पहिलं वर्ष जनावर घालायचं नाही, कापून आणायचं. हे एक वर्ष सगळ्यांना जड जातं.

मध्येच एक गंमत सांगते. हेच आपलं अंजन ऑस्ट्रेलियात कुरणांसाठी नेलं गेलं. आता तिथल्या मधल्या कोरड्या भागात आणि अमेरिकेच्या ॲरिझोनात लोक ते उपटून काढायला मोहिमा काढतात, कारण तिथलं मूळचं सगळं ते झाकून टाकतं आणि वणवे वाढवतं. गवत तेच. इकडे ते घरचं आहे, तिकडे घुसखोर. त्यामुळे ‘चांगलं गवत कोणतं’ असं कुणी विचारलं की मी आधी गावाचं नाव विचारते.

वाळलेल्या गवताकडे वळते. खरं तर तुमच्या पत्रातला सगळ्यांत शहाणा विचार हाच आहे, आणि नेमका याच्यावर तुम्ही एक ओळ लिहिली आहे. मार्चला पाणी संपणाऱ्या घरात उन्हाळ्याची बेगमी आधी, दुधाचा हिशेब नंतर.

आपल्याकडे माळाचं गवत दिवाळीनंतर, रानातली कामं उरकली की, सवडीने कापतात. तोवर ते उभ्या उभ्या वाळलेलं असतं, म्हणून सोपं वाटतं. पण तेव्हा त्यात काडीच उरते. फुलोऱ्यात ज्या गवतात सहा-सात टक्के प्रथिनं असतात, त्यात बी झडल्यावर तीन-चारही राहत नाहीत. निम्मा माळ फुलोऱ्यात आला, पाऊस उघडला आणि चार दिवस आभाळ निरभ्र दिसलं की विळा काढा. तुमच्याकडे हे बहुधा नवरात्राच्या पुढेमागे येईल. कापलेलं गवत पातळ पसरा, दुपारी एकदा उलटवा. फार तापू देऊ नका, पानं गळतात आणि पानांतच सगळं असतं. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी मूठभर घेऊन पिळा. काडी कटकन मोडली, तळहाताला गारवा लागला नाही, रंग हिरवट राहिला आणि वास गोडसर आला की पेंढ्या बांधा. थोडी ओल वाटली तरी आणखी एक ऊन द्या. ओल्या गवताची गंजी आतून तापते. हात घातला तर चटका बसावा इतकी, आणि कधीकधी आपोआप पेटते. गंजी दगडांच्या बैठकीवर रचा, वरचा माथा नीट उतरता ठेवा. घालताना कुट्टी करून घाला, नाहीतर निम्मं पायाखाली जातं.

आणि कुसळी. तिचा प्रश्न मी वर सोडून दिला होता. लहानपणी आम्ही एक खेळ खेळायचो. कुसळीचं एक वाळलेलं कुसळ तळहातावर घ्यायचं, त्याच्या पिळाला थुंकीचा थेंब लावायचा, आणि बघत राहायचं. क्षणभराने ते स्वतःभोवती फिरू लागतं, जिवंत किड्यासारखं. ओल लागली की पीळ उलगडतो, वाळलं की परत बसतो, आणि अशा फिरण्याने टोकदार बी मातीत शिरत जातं. म्हणून ती इतकी पसरते. हेच बी मेंढीच्या लोकरीतून कातडीत आणि गाईच्या हिरड्यांत शिरतं. आमच्या एका गाईने अशाच उशिरा कापलेल्या गवतामुळे आठवडाभर वैरणीला तोंड लावलं नव्हतं. हिरडी उघडून बघितली तर आत दाभणाने टोचल्यासारखी भोकं. चूक माझी होती, कार्तिक संपेपर्यंत मी कापणी लांबवली होती. कुसळी वाईट गवत नाही, कोवळेपणी जनावरं ती खातात. फक्त कुसळ धरायच्या आत कापायची. लवकर कापलेल्या कुसळीचं बीही पडत नाही, मग दोन-चार वर्षांत मारवेलीला जागा मिळते. आप्पांना मी विचारायला लावलेल्या प्रश्नाचं उत्तर हेच असणार: गुरं चांगलं ते खाऊन टाकतात आणि कुसळ आलेली कुसळी सोडून देतात, त्यामुळे दरवर्षी बी तिचंच पडतं.

लॉनवर फार लिहीत नाही, कारण तिथे प्रश्न गवताचा कमी आणि पाण्याचा जास्त आहे. उन्हाळ्यात हिरवळ हिरवी ठेवायची तर चौरस मीटरला रोज पाच लिटर पाणी धरा. पाच गुंठे म्हणजे पाचशे चौरस मीटर. रोजचे अडीच हजार लिटर. दुभती गाय उन्हाळ्यात साठ ते ऐंशी लिटर पिते. म्हणजे तुमच्या अंगणात तीस-चाळीस गायी न दिसता पाणी पीत बसणार, तेही विहीर आटलेल्या दिवसांत. हा आकडा यजमानांना माझ्या नावाने सांगा, तुमच्या नको.

ब्ल्यू ग्रास थंड हवेचं गवत. डिसेंबरात पेरलं तर सुंदर उगवेल, फोटो काढा. चैत्रात ते जाईल, त्याला यजमानांचा इलाज नाही आणि माझाही. तुमच्या अंगणाला हरळी. दूर्वा हो, तीच. जी रानात आली की आप्पा शिव्या देतात. पायाखाली मरत नाही, पाणी तुटलं तर तपकिरी होऊन पडून राहते आणि पहिल्या पावसाला परत येते. नर्सरीत ‘सिलेक्शन वन’ म्हणून मिळतं ते हिचंच निवडलेलं रूप. मऊ मऊ कार्पेट गवत दिसायला छान, पण सावकाश पसरतं आणि गाठी गाठी होऊन फुगतं. गवताचे तयार तुकडे आणलेत तर प्रत्येक तुकडा उलटा करून मातीत लव्हाळ्याच्या गाठी आहेत का बघा. एकदा लव्हाळा आला की तुमच्या नातवंडांनाही तो खुरपावा लागेल. लॉन एकच गुंठा ठेवा, न्हाणीघराचं पाणी त्याला वळवा, दोन इंचांच्या खाली कापू नका. रानाच्या बाजूने फूटभर खोल चर खणून दगड बसवा, नाहीतर हरळी लसूणघासात शिरेल आणि मग आप्पांचा अबोला खरंच सुटणार नाही. झाडाखालच्या सावलीत हरळी टिकत नाही, तिथे सारवलेलं अंगण राहू द्या. संध्याकाळी माणसं तिथेच बसतात.

दोन एचएफ गायींबद्दल तुम्ही सल्ला मागितला नव्हता, तरी न राहवून लिहिते. यंदा एकही घेऊ नका. आधी चारा, मग गोठा, मग गाय. आपल्याकडे हे नेमकं उलट्या क्रमाने होतं, आणि फेब्रुवारीत विकत घेतलेल्या उसाच्या वाढ्यावर दूध काढताना हिशेब बसत नाही. यंदाच्या दिवाळीला गंजी किती उंच झाली ते बघा, मुरघासाचा खड्डा भरला का बघा, मग पुढच्या वर्षी एक घ्या. पहिलीला एक उन्हाळा काढू द्या आणि दुसरीचा निर्णय मग घ्या.

कांडीवाल्याला आजच फोन करा. आगाऊ पैसे देत नाही, तीनशे कांड्या हव्यात, वाण कोणता ते पावतीवर लिहून हवं, एवढंच सांगा. तो नाही म्हणाला तर जवळच्या कृषी विज्ञान केंद्रात विचारा, किंवा ज्याच्या रानात नेपियर उभं आहे अशा एखाद्या शेतकऱ्याला. बेणं मागितलं तर आपल्याकडे सहसा कोणी नाही म्हणत नाही.

आणि माळावर जाल तेव्हा मोजे घालू नका, पायजमाही घोट्याच्या वर दुमडा. कुसळं काढत बसाल.